खोडकर योकाई : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जपानी भाषेच्या वर्गातले विद्यार्थी, जपानी चित्रकथांचे वाचक आणि जपान पाहून आलेले प्रवासी योकाईंबद्दल जे प्रश्न पुन्हा पुन्हा पाठवतात, ते येथे एकत्र केले आहेत. सोपे प्रश्न आधी घेतले आहेत, अडचणीचे नंतर. प्रत्येक उत्तर स्वतंत्रपणे वाचता येईल. एखादी गोष्ट दुसरीकडे अधिक तपशिलाने आली असेल तर तेथील क्रमांक दिला आहे.

१. योकाई म्हणजे जपानी भुतेच ना?

अगदी तसे नाही. मेलेल्या माणसाचा अतृप्त आत्मा, म्हणजे आपण ज्याला सर्रास भूत म्हणतो तो, जपानीत 'यूरेई' या नावाने ओळखला जातो. 'योकाई' हा शब्द ज्या दोन अक्षरचिन्हांनी लिहितात त्या दोहोंचा रोख 'विलक्षण, गूढ' याच अर्थाकडे आहे, आणि त्या नावाखाली नदीतला प्राणी, डोंगरातला पंखवाला, रूप पालटणारा कोल्हा, जुनी छत्री, इतकेच काय पण रात्री ऐकू येणारा नुसता एखादा आवाजही मोडतो. बोलण्यात 'ओबाके' किंवा 'बाकेमोनो' हे शब्दही येतात. त्यांच्या मुळाशी 'रूप पालटणे' हा अर्थ आहे.

लोकसाहित्याचे अभ्यासक यानागिता कुनिओ (१८७५–१९६२) यांनी दोहोंतला फरक ओळखण्याची एक खूण सांगितली होती. योकाई ठरावीक जागी, बहुधा तिन्हीसांजेला आणि जो कोणी तेथे येईल त्याला दिसतो. यूरेई मात्र ठरावीक माणसाच्या मागे लागतो आणि मध्यरात्र उलटल्यावर येतो. ही खूण सर्वत्र लागू पडत नाही, पण कामाची आहे. ती जागा टाळली की योकाई टळतो. यूरेई गाव सोडले तरी पाठ सोडत नाही.

२. सगळे योकाई खोडकरच असतात का? घातकी कोणते?

खोडकर आणि घातकी असे दोन वेगळे कप्पे जपानी लोककथेत नाहीत. ज्या काप्पाला, म्हणजे नदीतल्या प्राण्याला (प्रश्न ४), आज बालवाडीच्या भिंतीवर हसरा रंगवतात, तोच जुन्या कथांत पोहणाऱ्या मुलांना बुडवतो. शिंगे आणि लोखंडी सोटा असलेला 'ओनी' सहसा घातकीच मानला जातो, म्हणून तो येथे विस्ताराने घेतलेला नाही. दुसऱ्या टोकाला 'अमानोजाकू' आहे. लोक म्हणतील त्याच्या उलट बोलायचे आणि उलट वागायचे एवढाच त्याचा धंदा. मुद्दाम विरोधाला विरोध करणाऱ्या माणसाला जपानीत आजही अमानोजाकू म्हणतात. बौद्ध मंदिरांतील रक्षक देवतांच्या पायाखाली जो बुटका चिरडलेला दिसतो, तो अमानोजाकूच असल्याचे सांगितले जाते.

३. इतके प्रकार आले कुठून? कोणी बसून रचले का?

काही रचले, हे खरे आहे. पण बहुतेकांचा क्रम असा दिसतो : आधी अनुभव, मग त्याला नाव, आणि चित्र सर्वांत शेवटी. आपल्यापर्यंत चित्र सर्वांत आधी पोहोचते, म्हणून हा क्रम उलटा वाटतो.

'आझुकी-आराई' हे नाव पाहा. आझुकी म्हणजे तांबडी, चवळीसारखी बारीक कडधान्याची जात, आणि आराई म्हणजे धुणे. रात्री ओढ्याकाठून जाताना कोणी तरी टोपलीत आझुकी घोळून धूत असल्यासारखा 'शोकी शोकी' आवाज येतो. जवळ जावे तर तेथे कोणी नसते, आणि डोकावून पाहणारा बहुधा पाण्यात पडतो. जपानच्या कित्येक भागांत हा अनुभव सांगितला गेला आहे. तो आवाज वाऱ्याने हलणाऱ्या बांबूचा असेल, वाळूवरून घसरणाऱ्या पाण्याचा असेल किंवा एखाद्या किड्याचा असेल. ऐकणाऱ्याला मात्र त्यासाठी एक नाव हवे होते. टक्कल पडलेला, डोळे वटारलेला, टोपलीवर वाकलेला म्हातारा चित्रकारांनी पुढे त्या आवाजामागे बसवला.

चित्रांच्या बाबतीत सर्वांत मोठा वाटा एदोचे, म्हणजे आजच्या टोकियोचे, चित्रकार तोरियामा सेकिएन (१७१२–१७८८) यांचा आहे. १७७६ साली त्यांचा योकाईंचा सचित्र संग्रह छापून निघाला, त्यात पानाला एक योकाई आणि शेजारी त्याचे नाव अशी मांडणी होती. संग्रह खपला, पुढचे भाग निघाले, आणि शेवटच्या भागांत सेकिएन यांनी शब्दांवर कोट्या करून स्वतःचेही बरेच योकाई घुसवले. विसाव्या शतकात तेच काम चित्रकथाकार मिझुकी शिगेरू (१९२२–२०१५) यांनी केले. दुसऱ्या महायुद्धात न्यू ब्रिटन बेटावर डावा हात गमावलेल्या मिझुकी यांनी सांगितले होते की, त्याच बेटाच्या जंगलात रात्री एकट्याने पळताना समोर काही दिसत नसताना वाट एकाएकी बंद झाली. हा अनुभव 'नुरीकाबे' या योकाईचा. क्यूशू बेटावरील फुकुओका भागातून नोंदवलेला नुरीकाबे म्हणजे न दिसणारी भिंत; मिझुकी यांनी तिला डोळे आणि आखूड पाय दिले, आणि आता कोणत्याही जपानी मुलाला नुरीकाबे काढायला सांगितले तर ते तीच भिंत काढते.

४. काप्पाच्या डोक्यावर बशी कशासाठी असते?

काप्पा हा नदीत राहणारा, दहा वर्षांच्या मुलाएवढा प्राणी. नावच मुळी 'नदी' आणि 'पोर' या शब्दांतून आले आहे. अंग हिरवट किंवा तांबूस, पाठीवर कासवासारखे कवच, तोंडाला चोच, बोटांमध्ये पडदे, आणि टाळूवर केसांच्या झालरीत बशीसारखा खळगा. त्या खळग्यात पाणी असते आणि काप्पाची सारी ताकद त्या पाण्यात असते. पाणी भरलेले असेपर्यंत तो घोड्यालाही नदीत ओढू शकतो. पाणी सांडले की त्याच्या अंगातले त्राण जाते.

त्याला जिंकण्याचा मार्ग फार जपानी आहे. त्याच्यासमोर उभे राहायचे आणि कमरेत वाकून नमस्कार करायचा. काप्पा कितीही द्वाड असला तरी शिष्टाचाराला पक्का. तो उलट वाकून नमस्कार करतो आणि बशी रिकामी होते. कुस्तीचा, म्हणजे सुमोचा, त्याला भारी नाद आहे, आणि सुमोची लढतही नमस्कारानेच सुरू होते.

त्याच्या खोड्यांपैकी सर्वांत विचित्र म्हणजे 'शिरिकोदामा' काढणे. माणसाच्या गुदद्वाराशी एक गोळा असतो आणि काप्पा तो उपटून नेतो, अशी समजूत होती. असा कोणताही गोळा शरीरात नसतो; मात्र बुडालेल्या माणसाच्या देहात गुदद्वार सैल पडलेले दिसे, आणि त्यावरून ही समजूत निघाली असावी असे स्पष्टीकरण दिले जाते.

५. काप्पाला काकडीच का आवडते?

पाण्याच्या देवतेला उन्हाळ्यातील पहिल्या काकड्या वाहण्याची प्रथा जपानमध्ये अनेक ठिकाणी होती, आणि काप्पा हा त्या देवतेचाच उतरलेला, पदावनत झालेला अवतार असावा हे मत यानागिता यांच्यासह अनेकांनी मांडले आहे. मुलांची नावे काकडीवर कोरून ती नदीत सोडली की काप्पा त्या मुलांना हात लावत नाही, असेही मानत. उलट काही गावांत काकडी खाऊन पोहायला जाऊ देत नसत, कारण वास काप्पापर्यंत पोहोचतो. सुशीच्या दुकानात काकडी घातलेल्या गुंडाळीला 'काप्पामाकी' म्हणतात, ते याच समजुतीवरून.

काकडीचा संबंध क्योतोच्या यासाका देवस्थानाशीही जोडला जातो. आडव्या कापलेल्या काकडीच्या चकतीतली नक्षी त्या देवस्थानाच्या चिन्हासारखी दिसते, म्हणून गिओन उत्सवाच्या दिवसांत काही भाविक काकडी खात नाहीत.

६. काप्पाने माणसांना औषध शिकवले, ही गोष्ट खरी आहे का?

ती लोककथा आहे, पण एकट्यादुकट्या गावाची नव्हे; हाडे बसवण्याचे किंवा जखमेचे औषध आपल्या पूर्वजाला काप्पाने दिले, असे सांगणारी घराणी जपानमध्ये ठिकठिकाणी होती. कथेचा साचा साधारण असा असतो. घरातली बाई रात्री शौचकूपात जाते, तेव्हा खालच्या अंधारातून एक गार, बुळबुळीत हात तिच्या पार्श्वभागावरून फिरतो. ती सामुरायाची बायको असते. दुसऱ्या रात्री ती कट्यार घेऊन जाते आणि हात पुन्हा वर येताच छाटते. तिसऱ्या रात्री काप्पा दारात येऊन रडत आपला हात परत मागतो. तुटलेला हात घेऊन काय करणार, असे विचारल्यावर तो म्हणतो की माझ्याकडे जोडण्याचे औषध आहे. औषधाची कृती सांगितली तर हात मिळेल, असा सौदा ठरतो.

काप्पाचा हात सहज तुटतो यालाही कारण आहे : त्याचे दोन्ही हात आतून एकमेकांना जोडलेले असतात, त्यामुळे एक ओढला की तो लांब होतो आणि दुसरा आखडतो. घोडा ओढताना पकडल्या गेलेल्या काप्पाने 'पुन्हा या गावात खोडी काढणार नाही' असे माफीपत्र लिहून दिल्याच्या कथाही आहेत. दिलेला शब्द तो मोडत नाही.

७. तानुकी म्हणजे नक्की कोणता प्राणी? बिज्जू, रॅकून की मांजर?

यांपैकी एकही नाही. तानुकी हा श्वानकुळातला, म्हणजे कुत्रा आणि कोल्हा यांच्या कुळातला, खराखुरा वन्यप्राणी आहे. डोळ्यांभोवतीच्या काळ्या पट्ट्यांमुळे तो रॅकूनसारखा दिसतो एवढेच. भाषांतरांत त्याला बिज्जूचा भाऊ करून टाकण्याची चूक फार जुनी आहे, आणि गंमत म्हणजे तो घोळ जपानी लोकांचाही आहे. काही भागांत 'मुजिना' हा शब्द बिज्जूसारख्या प्राण्याला वापरतात, काही भागांत तानुकीलाच.

हा घोळ एकदा थेट सर्वोच्च न्यायालयात गेला. १९२४ साली तोचिगी प्रांतातील एका शिकाऱ्याने फेब्रुवारीच्या अखेरीस दोन प्राणी गुहेत कोंडले आणि मार्चमध्ये मारले. १ मार्चपासून तानुकीच्या शिकारीला बंदी होती. शिकाऱ्याचे म्हणणे असे की, आपण मारले ते मुजिना, तानुकी नव्हेत. प्राणिशास्त्राच्या दृष्टीने ते तानुकीच होते, हे न्यायालयाने मान्य केले. पण दोन्ही नावे वेगवेगळ्या प्राण्यांची असल्याची समजूत पूर्वापार चालत आली आहे आणि आरोपीने प्रामाणिकपणे ती धरली होती, म्हणून १९२५ साली त्याला निर्दोष सोडले. कोंडले त्याच दिवशी शिकार झाली असे धरायचे, हाही मुद्दा निकालात होता. जपानमधील कायद्याचे विद्यार्थी हा खटला आजही शिकतात.

८. उपाहारगृहांच्या दारात पोट सुटलेल्या तानुकीचा पुतळा का ठेवतात? आणि त्याचे ते… इतके मोठे का?

हे पुतळे बहुतांशी शिगा प्रांतातील शिगाराकी या कुंभारगावात तयार होतात. डोक्यावर गवती टोपी, एका हातात साकेचा बुधला, दुसऱ्या हातात उधारीची वही, असा तो दारू आणायला निघालेला असतो. त्याच्या आठ अवयवांना आणि वस्तूंना आठ शुभ अर्थ दिले आहेत. उधारीची वही म्हणजे बाजारातली पत, हे त्यांतले मला सर्वांत आवडते. १९५१ साली सम्राट शोवा (हिरोहितो) शिगाराकीला गेले तेव्हा स्वागतासाठी रस्त्याच्या कडेला हातात झेंडे दिलेले मातीचे तानुकी ओळीने उभे केले होते. ही बातमी देशभर गेली आणि पुतळ्यांचा खप वाढला.

अंडकोशांचा प्रश्न संकोचाने विचारला जातो, पण जपानी माणसाला त्यात अश्लील काही वाटत नाही. तेथे वृषणाला बोलीत 'सोन्याचा गोळा' म्हणतात, आणि सोन्याचा वर्ख ठोकून पातळ करताना तानुकीचे कातडे वापरीत, त्यावरून 'एवढेसे सोने चटईएवढे पसरते' ही कोटी निघाली, असे सांगितले जाते. एकोणिसाव्या शतकात चित्रकार उतागावा कुनियोशी यांनी तर तानुकी त्याचा तंबू, जाळे आणि होडी म्हणूनही उपयोग करताना दाखवले आहेत. पुतळ्यात त्याचा अर्थ धनवृद्धी एवढाच आहे.

९. कोल्हा आणि तानुकी दोघेही रूप पालटतात. मग फरक काय?

'कोल्ह्याची सात रूपे, तानुकीची आठ' अशी म्हण आहे. कोल्हा, म्हणजे कित्सुने, एखाद्या हेतूने फसवतो : सुंदर स्त्री होऊन संसार थाटतो, सूड घेतो, उपकार फेडतो. तानुकीला असा हेतू नसतो. समोरच्याची फजिती पाहून पोटावर ढोल वाजवायला मिळाला की त्याचे भागले. डोक्यावर पान ठेवून तो पालटतो आणि पानांच्याच नोटा करून दुकानदाराला देतो, त्या सकाळी गल्ल्यात पुन्हा पाने होतात. तातेबायाशी येथील मोरिन्जी मंदिरात तो चहाची किटली झाल्याची कथा प्रसिद्ध आहे. किटली चुलीवर ठेवताच तिला शेपूट फुटले.

नक्कल करण्याचा त्याचा सोस किती, हे आगगाडीच्या कथांत दिसते. १८७२ साली जपानमध्ये पहिली रेल्वे सुरू झाली आणि थोड्याच वर्षांत नव्या कथा पसरल्या. एकेरी रुळांवरून रात्री गाडी जात असते, समोरून शिटी ऐकू येते, दिवा जवळ येऊ लागतो, चालक घाबरून गाडी थांबवतो, आणि समोर काहीच नसते. असे कित्येकदा झाल्यावर एका रात्री चालक वैतागून गाडी तशीच पुढे दामटतो. टक्कर होत नाही. सकाळी रुळांच्या कडेला एक तानुकी मरून पडलेला सापडतो. टोकियोच्या कामेआरी भागातील एका मंदिरात अशा प्राण्यांची समाधी दाखवतात. एवढ्या गमतीदार प्राण्याची ही कथा मात्र ऐकवत नाही.

सादो बेटावर आणि शिकोकूच्या बऱ्याच भागांत कोल्ह्याच्या कथा विरळ आहेत, तेथे त्याच्या वाट्याचे कामही तानुकीच करतो.

१०. इनारीच्या देवस्थानात कोल्ह्यांच्या मूर्ती असतात. मग कोल्हा देव आहे की योकाई?

भात आणि भरभराट यांची देवता इनारी ही आहे. कोल्हा तिचा दूत. महादेवासमोरच्या नंदीला कोणी महादेव म्हणत नाही, तसेच. क्योतोच्या फुशिमी इनारी येथे दगडी कोल्ह्यांच्या तोंडात किल्ली, भाताची लोंबी किंवा रत्न दिसते. हे दूत पांढरे आणि अदृश्य मानतात. शेतातून येऊन माणसाला झपाटणारा रानकोल्हा वेगळा. व्यवहारात मात्र ही सीमारेषा पुसट आहे, आणि देवस्थानात वाहिलेला तळलेला तोफू रानकोल्ह्यालाही आवडतो असेच लोक मानतात. तळलेला तोफू घातलेल्या नूडल्सना 'कित्सुने उदोन' म्हणतात.

गुंतागुंत आणखी एका कारणाने वाढते. बौद्ध परंपरेत इनारीची सांगड 'दाकिनीतेन' या देवतेशी घातली गेली, आणि ही देवता म्हणजे भारतातून गेलेली डाकिनी. जपानी चित्रांत ती पांढऱ्या कोल्ह्यावर बसलेली असते.

११. ऊन असताना पाऊस पडला की आपण 'कोल्ह्याचं लग्न' म्हणतो. जपानमध्येही हेच म्हणतात, हे खरे का?

होय, शब्दशः हेच : 'कित्सुने नो योमेइरी', कोल्ह्याच्या नवरीची पाठवणी. याच नावाने आणखी एक दृश्यही ओळखले जाते. रात्री दूरच्या डोंगरउतारावर दिव्यांची रांग सरकताना दिसली, की ती कोल्ह्यांच्या वरातीतल्या कंदिलांची. निगाता प्रांतातील त्सुगावा येथे मे महिन्यात लोक कोल्ह्यांची रंगभूषा करून अशी वरात काढतात. ऊनपावसाला जनावरांचे लग्न म्हणण्याची रीत जगात पुष्कळ ठिकाणी आहे, त्यामुळे कोणी कोणाकडून उचलले हे शोधण्यात अर्थ नाही.

१२. लाल चेहऱ्याचा, लांब नाकाचा तेंगू खोडकर कसा? तो तर तपस्वी दिसतो.

तो तपस्व्याच्या वेषातच असतो, कारण गर्विष्ठ भिक्षू मेल्यावर तेंगू होतो अशी जुनी समजूत आहे. 'तेंगू होणे' म्हणजे चढून जाणे, हा वाक्प्रचार त्या लांब नाकावरून आजही रूढ आहे. नाव चिनी 'आकाशातल्या कुत्र्या'वरून आले; चोचीच्या कावळेतेंगूच्या रूपावर मात्र बौद्ध मार्गाने आलेल्या आपल्या गरुडाची छाप मानतात. क्योतोजवळच्या कुरामा डोंगरावरील तेंगूंच्या राजाने बालपणी मिनामोतो नो योशित्सुने या वीराला तलवार शिकवली, ही कथा सर्वश्रुत आहे.

त्याच्या खोड्या आवाजाच्या असतात. रात्री रानात भले मोठे झाड कडकडून पडल्याचा आवाज येतो आणि सकाळी एकही झाड पडलेले नसते; कधी घरावर दगडांचा वर्षाव होतो आणि दगड सापडत नाहीत. मूल हरवून काही दिवसांनी छपरावर सापडले, तर ते तेंगूने नेले असे म्हणत.

१३. घरात राहणारे योकाई कोणते? ते असणे शुभ की अशुभ?

'झाशिकी-वाराशी' असणे शुभ, निघून जाणे अशुभ. ईशान्य जपानमधील इवाते प्रांतात मोठ्या घरांच्या पाहुण्यांच्या दालनात हे पाच-सहा वर्षांचे मूल राहते, असे मानतात. ते राखेत पावले उमटवते, रात्री चरख्याचा आवाज करते, झोपलेल्याच्या छातीवर बसते.

१९१० साली प्रसिद्ध झालेल्या यानागिता यांच्या, इवातेतील तोनो या ठिकाणच्या कथांच्या संग्रहात, ससाकी किझेन या तोनोच्याच तरुणाने सांगितलेली एक हकीकत आहे. गावातील एक माणूस संध्याकाळी बाजाराहून परतताना पुलाजवळ त्याला दोन अनोळखी, गंभीर चेहऱ्याच्या मुली भेटल्या. कुठून आलात, असे विचारल्यावर त्यांनी गावातल्या एका श्रीमंताचे घर सांगितले. कुठे निघालात, तर दुसऱ्या गावातले दुसरे घर. त्या माणसाच्या लक्षात आले की आता त्या श्रीमंताचे दिवस भरले. थोड्याच काळात त्या घराच्या आवारात नासपतीच्या झाडाखाली अनोळखी आळंबी उगवली. घरच्यांनी ती खाल्ली आणि वीसेक माणसे एका दिवसात मेली. खेळायच्या नादात जेवायला घरी न आलेली सात वर्षांची मुलगी तेवढी वाचली.

उरलेले घरगुती योकाई किरकोळ आहेत. 'माकुरागाएशी' झोपलेल्याची उशी पायथ्याशी नेतो. 'आकानामे' अस्वच्छ न्हाणीघरातला मळ चाटतो. त्याच्या नावाने आया मुलांकडून न्हाणीघर घासून घेत असणार, असा माझा अंदाज आहे.

१४. शंभर वर्षे झाली की जुन्या वस्तू जिवंत होतात म्हणे?

अशा वस्तूंना 'त्सुकुमोगामी' म्हणतात. मुरोमाची काळातील (साधारण चौदावे ते सोळावे शतक) एका चित्रगुंडाळीत ही कथा आहे : वर्षअखेरीच्या साफसफाईत टाकून दिलेली भांडी, वाद्ये, जपमाळा संतापतात, योकाई होऊन माणसांना छळतात, आणि शेवटी बौद्ध दीक्षा घेऊन मुक्त होतात. 'वस्तूंशी कृतज्ञतेने वागा' हा बोध आज त्यावर चिकटवला जातो. मूळ कथेचा भर मात्र दगडधोंड्यांनाही मोक्ष आहे या धर्मविचारावर होता. एका पायावर उड्या मारणारी, एक डोळा असलेली छत्री आज सर्वांत ओळखीची आहे, पण कुठल्याही गावाने तिला भेटल्याची हकीकत जवळपास सांगितलेली नाही. प्रश्न ३ मधला क्रम येथे उलटा आहे. तिची ओळख चित्रांतून आणि रंगभूमीवरून झाली.

१५. वाटेत योकाई भेटलाच तर काय करायचे?

प्रत्येकावर वेगळा तोडगा आहे, आणि कोणत्याही तोडग्याला ताकद लागत नाही. रात्री मागून पावले वाजत असतील आणि वळून पाहता कोणी नसेल तर तो 'बेतोबेतो-सान'. नारा भागातील लोक अशा वेळी रस्त्याच्या कडेला सरकून 'बेतोबेतो-सान, आपण पुढे व्हा' असे म्हणत; पावले थांबत. नुरीकाबेला (प्रश्न ३) वरून ढकलून उपयोग नाही, काठीने खालच्या बाजूला मारले की वाट मोकळी होते. 'मिकोशी-न्यूदो' हा भिक्षू वर पाहत जावे तसा उंच होत जातो. वर न पाहता 'तुझ्या पलीकडचे पाहिले' असे म्हटले की तो विरतो. तेंगूला बांगड्यासारखा 'साबा' मासा आवडत नाही, म्हणून हरवलेल्या मुलाला शोधताना 'साबा खाल्लेला मुलगा' अशी हाक मारीत. काप्पासाठी प्रश्न ४ पाहा.

कोल्हा किंवा तानुकी असल्याची शंका आली तर भुवयांना थुंकी लावायची. ते भुवयांचे केस मोजून फसवतात आणि चिकटलेले केस मोजता येत नाहीत, असे कारण देतात. 'भुवईची थुंकी' हा शब्द जपानीत आजही संशयास्पद बातमीसाठी वापरतात.

१६. कुणी योकाईंना पूर्णपणे दाद न दिल्याची कथा आहे का?

आहे, आणि ती सर्वांत मजेदार आहे. १७४९ सालच्या उन्हाळ्यात आजच्या हिरोशिमा प्रांतातील मियोशी गावी इनो हेइतारो नावाच्या सोळा वर्षांच्या सामुरायपुत्राच्या घरी सलग तीस दिवस योकाईंनी धुमाकूळ घातल्याची हकीकत सांगतात. एका रात्री भिंतीवरून केसाळ हात आला, दुसऱ्या रात्री दिव्याची ज्योत आढ्याला भिडली आणि चटईतून पाणी उसळले, पुढे एक उलटे झालेले बाईचे डोके केसांवर चालत आले. मित्र आणि नातेवाईक घाबरून पळाले. हेइतारो मात्र बऱ्याच रात्री सरळ झोपून गेला. शेवटी योकाईंचा नायक भारदस्त सामुरायाच्या वेषात प्रकट झाला, त्याने हार मान्य केली आणि एक लाकडी हातोडा देऊन पालखीतून निघून गेला. तो हातोडा म्हणून हिरोशिमातील एका मंदिरात एक वस्तू जपलेली आहे, आणि मियोशीत २०१९ पासून योकाईंना वाहिलेले संग्रहालय आहे.

१७. सगळ्या जपानमध्ये हेच योकाई मानतात का?

नाही. काप्पालाच पश्चिम जपानमध्ये 'एन्को', कागोशिमाकडे 'गाराप्पा' म्हणतात, आणि प्रत्येकाची ठेवण थोडी वेगळी आहे. ओकिनावाची परंपरा तर स्वतंत्रच आहे. तेथील 'किजिमुना' हा लाल केसांचा पोरगेला जीव वडाच्या जातीच्या जुन्या गाजुमारू झाडात राहतो. त्याच्याशी मैत्री केली तर मासळी भरपूर मिळते, पण प्रत्येक माशाचा एक डोळा त्याने आधीच खाल्लेला असतो. ऑक्टोपस आणि पादणे या दोन गोष्टी त्याला सोसत नाहीत. उत्तरेकडील ऐनू लोकांच्या कथाही वेगळ्या आहेत. त्या योकाईंच्या खात्यावर मांडणे योग्य नाही.

१८. आपला गिऱ्हा, चकवा, मुंजा आणि हे योकाई यांच्यात काही नाते आहे का?

साम्य आहे, नाते नाही. पाण्याशी दबा धरणारा गिऱ्हा वाचून काप्पा आठवतो. रात्रभर त्याच त्या जागी फिरवणारा चकवा आणि नुरीकाबे हे तर एकाच अनुभवाचे दोन प्रांतांतले खुलासे वाटतात. मुंजा मात्र मेलेल्या मुलाचा आत्मा आहे, त्यामुळे प्रश्न १ मधील वर्गवारीने तो यूरेईच्या बाजूला जाईल.

खरा दुवा हवा असेल तर तो नऊ शेपट्यांच्या कोल्हीच्या कथेत आहे. जपानी सम्राटाच्या दरबारात तामामो नो माए या नावाने शिरलेली ही कोल्ही त्याआधी चीनमध्ये आणि भारतात मगधात राजांना नादी लावून आली होती, असे तेथील कथाकारांनी रचले. मगधातल्या त्या राजपुत्राचे जपानी नाव 'हान्झोकू', म्हणजे पायांवर ठिपके असलेला. हा महाभारतातला कल्माषपादच, नावाचे सरळ भाषांतर झालेला. आपल्या कल्माषपादाच्या कथेत कोल्ही नाही, ती त्याला जपानी वाटेवर भेटली. मेल्यावर ती नासू येथे विषारी शिळा झाली. २०२२ च्या मार्च महिन्यात ती शिळा दुभंगलेली आढळली तेव्हा 'कोल्ही सुटली' अशा थट्टेला ऊत आला होता.

१९. जपानी लोक आज हे खरे मानतात का?

या प्रश्नाला होय किंवा नाही असे उत्तर देता येत नाही. मेइजी काळात (१८६८–१९१२) तत्त्वज्ञ इनोउए एन्र्यो (१८५८–१९१९) यांनी योकाईंच्या अंधश्रद्धा मोडून काढण्यासाठी देशभर फिरून हकिकती जमवल्या, प्रत्येकीचे भौतिक किंवा मानसिक कारण शोधले आणि त्याला 'योकाईशास्त्र' असे नाव दिले. त्यांचा हेतू योकाई संपवण्याचा होता; परिणाम असा झाला की पुढच्या पिढ्यांसाठी योकाईंचा मोठा साठा तयार राहिला. २०२० साली करोनाची साथ आली तेव्हा १८४६ सालच्या एका छापील पत्रकावरील, तीन पायांचा, चोचीचा 'अमाबिए' लोकांनी पुन्हा बाहेर काढला, कारण रोग आला तर माझे चित्र काढून लोकांना दाखवा, असे तो सांगून गेला होता. जपानच्या आरोग्य मंत्रालयानेही त्याचे चित्र आपल्या प्रचारात वापरले. ते वापरणाऱ्या अधिकाऱ्यांचा अमाबिएवर विश्वास होता का, असे विचारणे म्हणजे गणपतीच्या आरासातल्या उंदराला बोलता येते का, असे विचारण्यासारखे आहे.

तोनोतील जोकेन्जी मंदिरामागे काप्पाबुची नावाचा ओढ्याचा डोह आहे. तेथे बांबूच्या गळाला काकडी बांधून ठेवलेली असते, आणि काप्पा पकडायचा असेल तर स्थानिक पर्यटन संस्थेचा परवाना मिळतो. परवान्यावर अटी छापलेल्या आहेत : काप्पा जिवंत पकडावा, त्याला इजा करू नये, धातूचे साधन वापरू नये, आमिष ताज्या भाजीचे असावे, आणि पकडताना डोक्यावरील बशीतले पाणी सांडू देऊ नये.